कोर्टापुढे पूर्ण हिशेब मांडा

अवमान याचिका म्हटली की व्यापारी बंधूंना वाटते, आपल्या पेढीशी याचा काय संबंध? संबंध आहे. 1971 च्या न्यायालय अवमान कायद्यानुसार कोर्टाचा हुकूम जाणूनबुजून न पाळणे किंवा कोर्टाला दिलेली हमी मोडणे हाही अवमानच. शिक्षा सहा महिन्यांपर्यंत साधी कैद, दोन हजार रुपयांपर्यंत दंड किंवा दोन्ही.

विजय मल्ल्या यांचे उदाहरण पाहा. 2016 मध्ये सुप्रीम कोर्टाने त्यांच्याकडे मालमत्तेचा तपशील मागितला. डियाजिओ कंपनीकडून मिळालेले चार कोटी डॉलर त्यांनी दडवले आणि मुलांकडे वळवले. बँकांच्या अवमान अर्जावर 2017 मध्ये ते दोषी ठरले. 2022 मध्ये चार महिने कैद, दोन हजार रुपये दंड आणि ती रक्कम आठ टक्के व्याजासह परत करण्याचा हुकूम झाला.

पण खरे सांगण्याचे बंधन केवळ देणेकऱ्यावर नाही. दाद मागणाऱ्यावरही आहे. चेंगलवराय नायडू खटल्यात वादीने स्वतःच लिहून दिलेले हक्कसोडपत्र दडवून हुकूमनामा मिळवला होता. 1993 मध्ये सुप्रीम कोर्टाने ती कोर्टाची फसवणूक ठरवून तो रद्द केला.

म्हणून आमचे सांगणे एवढेच. हुकमानंतर समोरच्याने दोन हप्ते दिले असतील, तर ते अर्जात लिहा. मुदत वाढवून दिली असेल, तर तेही सांगा. अवमान घडल्यापासून एक वर्षाच्या आत अर्ज करा. लपवलेली एक पावती खरी बाजूही बुडवते.