छाटणीच्या अवजारांसाठी चामडी पट्टा व पिशवी : निवड आणि निगा

मोसंबीची फळे उतरवून झाली की बागेत सल काढण्याचे काम निघते. जालना जिल्हा मोसंबीसाठी ओळखला जातो आणि 'जालना मोसंबी'ला २०१६ मध्ये भौगोलिक मानांकनही मिळाले आहे. अशा बागेत काम करणाऱ्या माणसाला सिकेटर, छाटणीची करवत व चाकू ही तीन अवजारे सतत लागतात. हात तर दोनच. मग सिकेटर विजारीच्या खिशात जाते, करवत फांदीला अडकवली जाते आणि चाकू बांधावर विसरतो.

भोकरदन तालुक्यातील केदारखेडा शिवारात एका बागेस भेट दिली तेव्हा एका शेतमजुराच्या मांडीला पट्टी बांधलेली दिसली. शिडीवरून उतरताना खिशातील सिकेटरचा खटका सुटला होता व टोक मांडीत गेले होते. आठ दिवसांची मजुरी बुडाली. बागमालकाने लगेच चामड्याचे म्यान आणून दिले. पुढील भेटीत मात्र दुसरीच तक्रार ऐकू आली. पावसाळाभर त्या म्यानात ठेवलेल्या सिकेटरच्या पात्यावर गंजाचे खड्डे पडले होते. म्यान चांगले होते, पण त्याचा वापर चुकला होता. म्हणून निवड आणि निगा या दोन्ही बाबी येथे देत आहोत.

चामडे कसे ओळखावे?

कातडे कमावण्याच्या दोन मुख्य पद्धती आहेत. एका पद्धतीत बाभळीची साल, तरवडाची साल, हिरडा अशा वनस्पतीजन्य पदार्थांतील टॅनिन वापरतात. दुसऱ्या पद्धतीत क्रोमियमचे क्षार वापरतात. पट्टा व म्यान यांसाठी सालीने कमावलेले चामडे चांगले. ते ताठ असते, दिलेला आकार धरते व पाते टोचून आरपार जाऊ देत नाही. क्रोमचे चामडे मऊ व लवचिक असते. ते हातमोज्यांना योग्य, म्यानाला नाही.

खरेदी करताना कापलेली कड पाहावी. सालीने कमावलेल्या चामड्याची कड आतपर्यंत तपकिरी दिसते. क्रोमच्या चामड्याच्या मधल्या थरात बहुधा निळसर-करडी छटा असते. कडेला कापडाचा थर दिसला तर ते रेक्झिन समजावे.

निवड करताना

१) पट्टा ४ ते ५ सें.मी. रुंद व ३ ते ४ मि.मी. जाड असावा. अरुंद पट्टा वजनाने कमरेत रुततो.

२) म्यानाच्या दोन्ही कडांच्या शिवणीत चामड्याची अरुंद पट्टी घातलेली असावी. ती नसेल तर पाते थेट दोऱ्यावर घासते व टाके कापले जातात.

३) म्यानाच्या तळाशी छिद्र असावे, म्हणजे पाणी व भुसा साचत नाही.

४) रिव्हेट व बक्कल पितळी असावे. लोखंड, ओल व टॅनिन एकत्र आले की काळा डाग पडतो. पूर्वी हिरडा व हिराकस यांपासून काळी शाई करीत, तीही याच क्रियेतून. असा डाग पडलेल्या जागी चामडे हळूहळू कमकुवत होते.

५) तयार वस्तू मनासारखी मिळाली नाही तर आपले सिकेटर सोबत नेऊन गावातील चर्मकाराकडून मापाने म्यान शिवून घ्यावे. दुरुस्तीही त्याच हातून होते.

म्यान हे वाहण्यासाठी, साठवणुकीसाठी नव्हे

सालीने कमावलेले चामडे किंचित आम्लधर्मी असते व हवेतील ओल शोषून घेते. त्यामुळे त्यात ठेवलेले पोलाद गंजते. दिवसाचे काम संपले की सिकेटर बाहेर काढावे, चीक पुसावा, पात्यावर तेलाचा हात फिरवावा व ते कोरड्या जागी टांगावे. म्यान वेगळे टांगावे.

डाळिंबाच्या बागेत आणखी दक्षता हवी. तेल्या रोगाचे जिवाणू अवजारांबरोबर एका झाडावरून दुसऱ्या झाडावर जातात. म्हणून आपण सिकेटर सोडियम हायपोक्लोराईटच्या द्रावणात बुडवितो. असे ओले सिकेटर म्यानात घातल्यास द्रावणाने चामड्याचे तंतू कमजोर होतात व पातेही गंजते. न बुडविता घातल्यास म्यान दूषित होते आणि चामडे धुऊन निर्जंतुक करणे कठीण असते. रोगट बागेत म्यान वापरूच नये. सिकेटर प्लॅस्टिकच्या बादलीत ठेवावे व काम संपल्यावर स्वच्छ पाण्याने धुऊन, पुसून तेल लावावे. बोर्डो पेस्टचा डबाही चामडी पिशवीत ठेवू नये. त्यातील चुना चामड्याला घातक आहे.

फवारणीच्या वेळी चामडी पट्टा नको

२०१७ मध्ये यवतमाळ जिल्ह्यात कीटकनाशकांच्या फवारणीतून विषबाधा होऊन शेतकरी व शेतमजूर दगावले, हे आपण विसरू नये. चामडे औषध शोषून घेते व धुतल्याने ते पूर्णपणे निघत नाही. असा पट्टा पुढे रोज कमरेला बांधला तर औषध त्वचेच्या संपर्कात राहते. फवारणीस जाताना पट्टा घरी ठेवावा. त्यावर कीटकनाशक सांडलेच, तर लोभ न धरता तो टाकून द्यावा.

वर्षभराची निगा

मोट चालविलेल्या वडीलधाऱ्यांना विचारा. चामडे सुकून तडकू नये म्हणून मोटेला तेल पाजावे लागे. नियम आजही तोच आहे.

• रोज कोरड्या फडक्याने धूळ पुसावी. चिखल वाळू द्यावा व मग ब्रशने झाडावा.

• पट्टा भिजल्यास सावलीत, वाऱ्यावर वाळवावा. उन्हात किंवा चुलीजवळ वाळविल्यास चामडे आकसून कडक होते.

• हंगामात दोनदा, म्हणजे पावसाळ्यापूर्वी व नंतर, तेल-मेण लावावे. तीन भाग एरंडेल तेल व एक भाग मधमाशीचे मेण एकत्र घेऊन भांडे गरम पाण्यात ठेवावे व मेण वितळवावे. मिश्रण कोमट असताना फडक्याने पातळ थर द्यावा व उरलेले दुसऱ्या दिवशी पुसून काढावे. जादा तेलाने चामडे लिबलिबीत होते व टाके सैल पडतात. जवसाचे तेल वापरू नये. ते वाळून घट्ट होते व चामडे ताठरते.

• बुरशी दिसल्यास घराबाहेर कोरड्या ब्रशने झाडावी, वस्तू सावलीत वाळवावी व नंतरच तेल-मेण लावावे. प्लॅस्टिकच्या पिशवीत बांधून ठेवल्यास बुरशी हमखास येते.

• एखादा टाका उसवला तर त्याच आठवड्यात शिवून घ्यावा.

केदारखेड्याच्या त्या बागेत आता गोठ्याच्या भिंतीला दोन खुंट्या आहेत. एकीवर सिकेटर व दुसरीवर म्यान. बंधूंनो, आपणही आज घरी गेल्यावर म्यानातील सिकेटर बाहेर काढून पाहावे आणि दुसरी खुंटी ठोकावी.