पुढच्या महिन्याचे पैसे

आज लिपस्टिकवर लिहायचं ठरलं होतं. ते राहू द्या. पनवेलच्या खांदा कॉलनीतून एका वाचक ताईंचं पत्र आलंय आणि माझा आठवडा त्यातच गेला. त्या विचारतात, ‘सौंदर्यप्रसाधनांची पेटी दर महिन्याला येते, मग कंपनी पैसे दर महिन्याला का घेत नाही? तीन महिन्यांचे भरा, सहा महिन्यांचे भरा, वर्षाचे भरले तर सूट देतो, असं मागे का लागते? पैसे घेऊन पळून जायचा विचार असतो की काय?’

पळून जायचा नसतो हो. पण प्रश्न असा आहे की त्याच्या उत्तरात या धंद्याची भारतातली अर्धी गोष्ट येऊन जाते.

दरमहा पेटीच्या या धंद्यातली न्यूयॉर्कची बर्चबॉक्स घ्या. हार्वर्डमध्ये व्यवस्थापन शिकणाऱ्या दोघी मैत्रिणी, 2010 साल, महिन्याला दहा डॉलर. त्या दहा डॉलरविषयी एक गोष्ट मात्र लक्षात घ्यायला हवी. ग्राहक कार्डाचा नंबर एकदाच देई. पुढे दर महिन्याला कंपनी आपली आपण पैसे वळते करून घेई. पेटी उघडली, नाही उघडली, मागच्या महिन्यातली मलमाची ट्यूब बाथरूमच्या फळीवर तशीच पडली, तरी दहा डॉलर जातच. थांबवायचं असेल तर ग्राहकाने काहीतरी करायचं. चालू ठेवायचं असेल तर काहीच करायचं नाही. माणसाच्या आळसावर इतका पक्का पाया दुसऱ्या कुठल्या धंद्याने क्वचितच घातला असेल.

भारतात हा पाया घालताच येत नव्हता. रिझर्व्ह बँकेने 1 ऑगस्ट 2009 पासून इंटरनेटवरून कार्डाने पैसे भरताना दुसरा पुरावा सक्तीचा केला. आधी तो पासवर्ड असे, पुढे मोबाइलवर येणारा ओटीपी आला. चोरीला गेलेल्या कार्डांचा गैरवापर रोखायला हे चांगलंच होतं. पण ज्या धंद्याला दर महिन्याला ग्राहकाला न विचारता पैसे घ्यायचे आहेत, त्याच्या दारात हा पहारेकरी उभा राहिला. विनीता सिंग आणि कौशिक मुखर्जी या जोडप्याने मुंबईत 2012 मध्ये फॅब बॅग या अशाच दरमहा पेटीच्या कंपनीचा संसार मांडला, तो या नियमाच्या छायेत.

नियमाला वळसा घालून पाहणारेही होते. उबर परदेशातल्या यंत्रणेमार्फत कार्डातून पैसे घेई, त्यामुळे ओटीपीची भानगडच नव्हती. देशी टॅक्सीवाल्यांनी ओरड केली, रिझर्व्ह बँकेने ऑगस्ट 2014 मध्ये परिपत्रक काढून ती वाट बंद केली, आणि उबरला पेटीएमचं पाकीट धरावं लागलं. एवढ्या मोठ्या कंपनीचं जिथे चाललं नाही, तिथे काजळ-लिपस्टिकच्या पिशव्या पाठवणाऱ्यांचं काय चालणार!

मग दारात पैसे घ्यावेत? ही आपली जुनी सवय. पार्सल हातात देताना पैसे घ्यायची टपाल खात्याची व्ही.पी. 1877 पासूनची.  जुन्या मासिकांच्या जाहिराती चाळल्या तर औषधं, तेलं, पुस्तकं, सगळं ‘व्ही.पी.ने मागवा’. आणि तेव्हापासून विक्रेत्यांचं रडगाणंही तेच: पोस्टमन दारात गेला, गिऱ्हाईक म्हणालं ‘आता नको’, पार्सल परत, टपालखर्च अंगावर. ऑनलाइन विक्रीवाले या परतीच्या मालाला आरटीओ, म्हणजे ‘रिटर्न टू ओरिजिन’, म्हणतात. पनवेलकरांना आरटीओ म्हटलं की गाडीच्या पाटीवरचं एमएच-46 आठवेल. गोदामातल्या माणसाच्या पोटात मात्र वेगळाच गोळा येतो.

साबणाची वडी परत आली तर ती फडताळात ठेवून उद्या दुसऱ्याला विकता येते. महिन्याची पेटी परत आली तर? ती एका बाईच्या कातडीचा रंग, केसांची जात, आवडनिवड विचारून भरलेली असते. ती फोडायची, आतला फेसवॉश इकडे, नेलपॉलिश तिकडे, प्रत्येकावरची तारीख बघायची. तोवर महिना उलटलेला असतो आणि पुढच्या महिन्याची पेटी वेगळी असते. म्हणून दारात पैसे हा मार्ग या धंद्याला झेपणारा नव्हता.

राहिला एकच उपाय, आणि तो मराठी वाचकाला नवा नाही. आपल्या मासिकांनी वर्षानुवर्षं हेच केलं. वर्गणी आगाऊ घ्यायची, आणि शेवटच्या अंकात चिठ्ठी घालायची की ‘आपली वर्गणी या अंकाबरोबर संपत आहे’.

याचा फायदा मोठा आहे. समजा पेटी सहाशेची आणि तुम्ही सहा महिन्यांचे भरलेत, तर 3,600 रुपये पहिल्याच दिवशी कंपनीच्या हातात. त्यातल्या पाच महिन्यांच्या पेट्या अजून भरायच्या आहेत. शिवाय आतले नमुने ब्रँडकडून फुकट किंवा पडत्या भावात मिळालेले, कारण त्यांना गिऱ्हाईक हवं असतं. पैसा आधी आला, खर्च नंतर. बँकेच्या कर्जाऐवजी ग्राहकाच्या पैशावर वाढता येतं. सूट उगाच देत नाहीत, ताई. ते तुमच्या पैशाचं व्याजच समजा. अर्थात हिशेबाच्या वहीत हे पैसे कमाई म्हणून मांडता येत नाहीत. पेटी पोचेपर्यंत ते देणं असतं, आणि हे विसरून जाहिरातीवर उधळणारे गोत्यात येतात.

तोटा सहाव्या महिन्यानंतर दिसतो. अमेरिकेतली विसरभोळी ग्राहक पैसे देतच राहते. इथली ग्राहक पुन्हा संकेतस्थळावर येते, कार्ड काढते, ओटीपीची वाट पाहते. त्या अर्ध्या मिनिटात तिच्या मनात सगळा हिशेब होतो: मागच्या पिशवीतली ती केशरी लिपस्टिक मी एकदा तरी लावली का? फाउंडेशन माझ्या रंगाचं होतं का, की चेहरा पिठात बुडवल्यासारखा दिसत होता? उत्तर नाही असेल तर ओटीपी तसाच विरून जातो.

माझं मत विचाराल तर रिझर्व्ह बँकेचा हा पहारेकरी कंपन्यांना कितीही टोचला तरी ग्राहकाच्या बाजूचा होता. नंतर तो थोडा सैल झाला. ऑक्टोबर 2021 पासूनच्या व्यवस्थेत ग्राहकाने एकदा ओटीपी देऊन परवानगी नोंदवली की पाच हजारांपर्यंतची, आणि जून 2022 पासून पंधरा हजारांपर्यंतची रक्कम ठरल्या वेळी आपोआप जाते. पण किमान चोवीस तास आधी ‘उद्या एवढे पैसे कापले जातील’ हा संदेश आलाच पाहिजे. म्हणजे विसरायची सोय तेव्हाही नाही.

पण तोवर पुलाखालून बरंच पाणी वाहून गेलं होतं. ग्राहक आळसाने टिकणार नाही हे उघड झाल्यावर तिला नेमकं काय हवं हे विचारत राहण्यावाचून गत्यंतर नव्हतं. फॅब बॅगच्या ग्राहकांनी भरून दिलेल्या माहितीतून जोडप्याला दिसत गेलं की भारतीय कातडीच्या रंगाला साजेलशा, उकाड्यात न ओघळणाऱ्या, चमक नसलेल्या प्रसाधनांची मागणी आहे आणि पेटीत भरायला तसा माल पुरेसा मिळत नाही. 2015 मध्ये त्यांनी शुगर हा स्वतःचा ब्रँड काढला. पुढे 2022 मध्ये त्यात पाच कोटी डॉलरची गुंतवणूक आली. हा झाला सारांश. लिपस्टिकचा रंग कसा ठरतो, त्यात मेण किती नि रंगद्रव्य किती, हा मजेचा भाग अजून आहे तिथेच आहे.

तो पुढच्या आठवड्यात घेऊ. मात्र ताईंच्या त्याच पत्रात खाली आणखी एक ओळ आहे: पेटीतल्या छोट्या ट्यूबवर किंमतच छापलेली नसते, हे चालतं का? वजनमापाच्या नियमांचा मला भारी सोस, तेव्हा लिपस्टिक आणखी एक आठवडा लांबली तर रागावू नका.