उलट वाजविलेलें संगीत

बोलपटाच्या आरंभकाळीं पार्श्वसंगीत म्हणजे पडद्यावरील भावना पुन्हां ऐकविण्याचें साधन, असाच समज रूढ होता. फ्रेंच संगीतकार मॉरिस झोबेर यास तो मान्य नव्हता. जें चित्र दाखवूं शकत नाहीं, तें संगीतानें सांगावें, असें त्याचें मत होतें.

नीस येथें १९०० सालीं जन्मलेला झोबेर वकिली सोडून संगीताकडे वळला. झाँ व्हिगोच्या ‘झेरो द काँद्वीत’ (१९३३) या चित्रपटांत वसतिशाळेंतील मुलें रात्रीं बंड करितात. उशा फाटून पिसें उडतात व मुलांची मिरवणूक मंदगतीनें सरकते. या प्रसंगासाठीं झोबेरनें एक चाल रचिली, ती शेवटच्या स्वरापासून पहिल्याकडे अशी उलट लिहून वादकांकडून वाजवून घेतली, आणि ध्वनिमुद्रित फीत पुन्हां उलट फिरविली. स्वरांचा मूळ क्रम परत आला. परंतु प्रत्येक स्वर मात्र उलटा झाला. एरव्हीं आघातानें उमटून विरणारा स्वर येथें हळूच उगवतो, वाढतो आणि एकाएकीं तुटतो. ओळखीचें गाणें स्वप्नांत ऐकावें, तसा तो परिणाम आहे. ध्वनिमुद्रणयंत्र हेंच येथें वाद्य झालें.

या चित्रपटावर फ्रान्समध्यें बंदी आली. ती महायुद्धानंतरच उठली. तें पाहण्यास झोबेर उरला नव्हता. जून १९४० मध्यें, वयाच्या चाळिसाव्या वर्षीं, तो लढाईंत मारला गेला. पस्तीस वर्षांनीं, १९७५ सालीं, दिग्दर्शक फ्रान्स्वा त्रुफो यानें आपल्या ‘आदेल आश’च्या कथेसाठीं झोबेरच्याच जुन्या रचना निवडल्या.