थंड शेवया : जपानच्या आणि आपल्या

परदेशी पदार्थाचें नांव घरांत निघालें कीं एकत्र कुटुंबांत ताबडतोब दोन पक्ष उभे राहतात. एका पक्षाचें म्हणणें असें कीं, जें वाडवडिलांनीं खाल्लें नाहीं तें आपल्या चुलीवर चढूं नये. दुसऱ्या पक्षाला वाटतें कीं, जें दूरदेशाहून आलें तेंच रुचकर. पहिल्या पक्षांत बहुधा आजी-आजोबा असतात, दुसऱ्यांत शाळा-कॉलेजांतील मुलेंमुली, आणि दोहोंच्या मध्यें स्वयंपाकघर सांभाळणाऱ्या सुनांची ओढाताण होते. आज ज्या पदार्थाविषयीं लिहावयाचें योजिलें आहे, त्याच्या योगानें या दोन्ही पक्षांचा समेट होण्यासारखा आहे. हा पदार्थ म्हणजे जपानांत उन्हाळ्यांत खातात त्या थंड शेवया. नांव परकें, पण वस्तु ओळखीची; इतकी ओळखीची, कीं यवतमाळकडील जुन्या घरांतून अक्षय्य तृतीयेच्या पानावर तिचीच एक बहीण आजही वाढली जाते.

आमच्या वऱ्हाडचा उन्हाळा कसा असतो हें येथील वाचकांस सांगावयास नको. चैत्र सरतां सरतां पारा चाळीस अंशांच्या वर चढतो, आणि वैशाखांत बेचाळीस-चव्वेचाळीस म्हटलें तरी कोणी भुंवया उंचावीत नाहीं. अशा दिवसांत अग्नि मंदावतो, गरम वरण-भाताकडे पाहवत नाहीं, मुलें ताटावरून उठूं लागतात. जपानची स्थिति थोडी निराळी. तेथें जून-जुलैंत पावसाची झड लागते आणि ती ओसरल्यावर दमट, घामट उकाडा सुरू होतो. उष्मा कोरडा असो कीं ओला, परिणाम एकच : अन्नावरची वासना उडते. त्यावर त्या लोकांनीं काढलेला तोडगा असा, कीं गव्हाच्या शेवया उकडाव्या, गार पाण्यांत धुवाव्या, आणि आंबट-खारट रसाबरोबर थंडच खाव्या.

या शेवयांचे प्रकार तीन. पहिला ‘सोमेन’. या शेवया गव्हाच्या, पांढऱ्याशुभ्र आणि अत्यंत बारीक. यंत्रानें केलेल्या सोमेनची जाडी १.३ मिलिमीटरहून कमी असावी असा तिकडे दंडक आहे. नारा प्रांतांतील मिवा हें गांव या शेवयांचें माहेर समजतात, आणि तेथील परंपरा बाराशें वर्षांहून जुनी सांगतात. ७ जुलैला येणाऱ्या ‘तानाबाता’ नांवाच्या तारकांच्या सणाला सोमेन खाण्याची चाल आहे. दुसरा प्रकार ‘सोबा’. ही ज्या धान्याची करतात त्याला आपल्या देशांत उत्तरेकडे कुट्टू म्हणतात व तें उपवासाला चालतें. थंड सोबा वेळूच्या रोळींत वाढतात. रोळीला जपानी शब्द ‘झारू’, म्हणून त्या पदार्थाचें नांवच ‘झारू सोबा’. तिसरा प्रकार ‘हियाशी चूका’, म्हणजे ‘थंड चिनी’. शेवयांवर काकडी इत्यादि जिन्नसांचे लांब, बारीक काप रंगवार मांडून वरून आंबटगोड रस ओततात. हा प्रकार मात्र जुना नव्हे. १९३७ सालीं सेंदाइ शहरांतील एका चिनी पद्धतीच्या उपाहारगृहांत तो प्रथम निघाला असें मानतात. उन्हाळ्यांत गरम शेवयांना गिऱ्हाईक मिळेना, म्हणून त्या थंड करून विकण्याची युक्ति निघाली. म्हणजे ज्याला आपण परदेशची परंपरा म्हणून बिचकतों, तीसुद्धां गरजेपोटीं घडलेली नवीच वस्तु आहे.

आतां आपल्याकडे पाहूं. विदर्भांत उन्हाळ्याच्या वाळवणांत पापड-कुरडयांबरोबर शेवया आणि सरगुंडे होतात. सरगुंडे म्हणजे भिजवलेल्या पिठाची बारीक दोरी वळून ती काडीवर नागमोडी गुंडाळावयाची, काडी अलगद काढून घ्यावयाची, आणि तीं वेटोळीं वाळवावयाचीं. अक्षय्य तृतीयेला पितरांच्या नांवें उदककुंभ पुजल्यावर पानावर आमरस येतो, आणि त्या गार आमरसांत उकडलेले सरगुंडे किंवा शेवया कालवून खातात. उकडलेली शेवई, तिच्यावर थंड रस, आणि ऋतु ग्रीष्म : जपानी पदार्थाची सारी कल्पना येथें हजर आहे. फरक इतकाच कीं आपला रस गोड, त्यांचा खारट.

शेवया हा प्रकार आपल्या ग्रंथांनाही ठाऊक आहे. सोळाव्या शतकांत भावमिश्रानें रचलेल्या ‘भावप्रकाश’ या वैद्यकग्रंथांत ‘सेविका’ नांवाचा पदार्थ दिला आहे : गव्हाच्या पिठाच्या यवाएवढ्या बारीक वळ्या करून वाळवाव्या व दुधांत शिजवून तूप-साखरेसह खाव्या. यवाएवढ्या म्हटल्यावर त्या आपल्या गव्हल्यांसारख्या असल्या पाहिजेत. सेविका बल देणारी, रुचकर, पण पचावयास जड. ती अति खाऊं नये, असा इशाराही ग्रंथकारानें दिला आहे. तो थंड शेवयांनाही लागू आहे. थंड वस्तु घशाखालीं सहज उतरते, म्हणून ती हलकीच असते असें नाहीं.

करण्याच्या रीतींतील साम्य तर याहून विलक्षण. आपल्याकडे गव्हाला पाणी लावून, कापडांत बांधून ठेवून, मग दळतात. चाळून सपीठ आणि रवा निराळा करतात. तें पीठ घट्ट भिजवून, कुटून, मुरवत ठेवतात. बन्सी गहू शेवयांना उत्तम, कारण त्याचा दाणा कठीण आणि शेवई शिजल्यावरही ताठ राहते. पाटाचें एक टोक उंचावर टेकवून एक जण पिठाची लांब तार पाटावर ओढीत खालीं सोडते व दुसरी ती झेलून काठीवर किंवा धुतलेल्या कापडावर पसरते. जपानांत हातशेवया करणारे मिठाचें पीठ भिजवून मुरवतात, दोऱ्यासारखें वळतात, तो सुकूं नये म्हणून त्याला तेल लावतात, आणि पुनःपुन्हा विसावा देत दोन काठ्यांवर ताणून बारीक करतात. हें तेल शोदोशिमा बेटावर तिळाचें असतें, आणि अन्यत्र कित्येक ठिकाणीं सरकीचें. कापसाच्या यवतमाळला ही गोष्ट कौतुकाची वाटावी. ते हें काम हिंवाळ्यांत करतात, आपण चैत्र-वैशाखांत. कारण एकच : शेवई वाळण्यास कोरडी हवा लागते. त्यांचा हिंवाळा कोरडा, आपला उन्हाळा. शिवाय एक पावसाळा पाहिलेल्या जुन्या सोमेनला ते अधिक मान देतात, जसा आपण जुन्या तांदुळाला देतों.

येथेंच मला जें मुख्यत्वें सांगावयाचें आहे त्याकडे येतों. आपल्या घरांतून हें वाळवण झपाट्यानें उठत चाललें आहे. पूर्वीं वाड्यांतील चार बिऱ्हाडांच्या बायका एकत्र जमत. आज घर तिसऱ्या मजल्यावर, गच्ची सामाईक, आणि सून नोकरीला. शेवई जी उरली ती खिरीपुरती, वर्षांतून दोनदां. उलट पुडींतल्या झटपट शेवया मुलांना रोज हव्या असतात. त्याही जपानांतूनच निघाल्या, १९५८ सालीं. बहुतेक मैद्याच्या आणि तळून सुकवलेल्या असतात. मुलांना शेवयांचा कंटाळा आलेला नाहीं. त्यांना एकाच खिरीचा कंटाळा आला आहे. ज्या वस्तूला घरांत उपयोग एकच उरतो, ती वस्तु करण्याची विद्याही फार काळ टिकत नाहीं. शेवईला दुसरा उपयोग सांपडला, तोही नातवंडांच्या आवडीचा, तर आजीच्या हातांतील ती विद्या आणखी एक पिढी पुढें जाईल. म्हणून या परदेशी पदार्थाचा पुरस्कार मी एका देशी कलेसाठींच करीत आहें.

आतां कृति. चार माणसांस हातच्या, न भाजलेल्या, लांब शेवया २५० ग्रॅम घ्याव्या. बाजारांतील भाजलेल्या आंखूड शेवया खिरीला ठीक. येथें त्यांचा गोळा होतो. शिवाय एक काकडी, एक गाजर, वाटीभर बारीक चिरलेली कोबी, वाटीभर मोड आलेले व वाफवून घेतलेले मूग, दोन चमचे भाजलेले तीळ आणि थोडी कोथिंबीर. जपानी लोक वर अंड्याच्या पातळ पोळीचे काप घालतात. आपण त्या ठिकाणीं हरभऱ्याच्या डाळीच्या पिठाचीं दोन पातळ धिरडीं करून, गुंडाळून, त्यांचे दोऱ्यासारखे काप करावे. रंग तोच पिवळाधमक येतो, आणि चवही कमी पडत नाहीं.

रस आधीं करून गार करावा. सोया सॉस चार मोठे चमचे, लिंबाचा रस तीन, साखर दोन, उकळून गार केलेलें पाणी सहा, तिळाचें तेल एक, आणि आल्याचा रस एक लहान चमचा, हें सर्व साखर विरघळेपर्यंत ढवळावें. सोया सॉस मुळांतच खारट. वेगळें मीठ घालूं नये. वैशाखांत लिंबें महागतात, तेव्हां उकडलेल्या कैरीचा गर दोन चमचे व साखरेऐवजीं गूळ घालून पाहावा; हा रस जपानी माणसाला नवा वाटेल, पण वऱ्हाडी जिभेला फार मानवेल. सोया सॉस सोयाबीन व गहू आंबवून करतात, आणि सोयाबीन तर आज आपल्याच जिल्ह्याचें मोठें पीक आहे.

मोठ्या पातेल्यांत तीन लिटर पाणी खळखळ उकळावें. पाणी कमी असेल तर शेवया एकमेकींस चिकटतात. शेवया मोकळ्या सोडून एकदां हलवाव्या. फेस वर येऊं लागला कीं वाटीभर गार पाणी ओतावें. या पाण्याला जपानी भाषेंत ‘दचकवणारें पाणी’ असें गमतीचें नांव आहे. बारीक शेवयांस तीन-चार मिनिटें पुरतात. एक शेवई तोडून पाहावी. मध्यें पांढरा ठिपका दिसला नाहीं म्हणजे ती शिजली. गरम खावयाच्या शेवयांपेक्षां या अर्धें मिनिट अधिक शिजवाव्या, कारण थंड झाल्यावर पिष्ट पुन्हा घट्ट होतें आणि शेवई कडक लागते.

नंतर त्या रोळींत किंवा चाळणींत ओताव्या, आणि लगेच गार पाण्याखालीं हलक्या हातानें चोळून धुवाव्या. ही पायरी कोणीं गाळूं नये. उकळतांना शेवईच्या अंगावर पिष्टाचा चिकट लेप बसतो. तो धुऊन गेला कीं शेवया मोकळ्या व तुकतुकीत होतात, आणि आंतली ऊब निघून शिजणें थांबतें. पाणी निवळ येईपर्यंत दोन-तीनदां धुवावें. शेवटचें पाणी माठांतलें किंवा घरच्या बर्फाचें असावें. पाणी पुरतें निथळूं द्यावें, नाहींतर रस पचपचीत होतो. मग मुठीएवढ्या वेटोळ्या करून ताटलींत मांडाव्या, त्यांवर भाज्या व धिरड्यांचे काप रंगवार ठेवावे, आयत्या वेळीं रस ओतावा, आणि तीळ भुरभुरावे.

तीन गोष्टींची खबरदारी अवश्य घ्यावी. पहिली पाण्याची. या पदार्थांत शिजल्यानंतर पाणी लागतें, म्हणून धुण्याचें शेवटचें पाणी उकळून गार केलेलेंच असलें पाहिजे; बाजारी बर्फ तर मुळींच नको. उन्हाळ्यांत कावीळ व हगवण पसरते ती अशाच वाटांनीं. दुसरी वेळेची. शिजलेल्या शेवया आमच्या हवेंत एका तासाच्या वर बाहेर ठेवूं नयेत. वास आला नाहीं तरी त्या बाधूं शकतात. तिसरी शाकाहाराची. जपानी शेवयांसाठीं जे तयार रस बाटल्यांतून मिळतात, त्यांत बहुधा सुकवलेल्या ‘बोनिटो’ माशाचा अर्क असतो. तेव्हां वेष्टणावरील मजकूर नीट वाचावा, किंवा वर सांगितलेला रस घरींच करावा. ज्यांना रक्तदाबाचा विकार आहे त्यांनीं सोया सॉस निम्मा करावा.

एक गोष्ट पुरुषवर्गाला उद्देशून. पाटावरच्या शेवयांचे गोडवे गाणाऱ्यांपैकीं किती जणांनीं भर उन्हांत त्या वाळत घातल्या आहेत ? ती कला बायकांनीं जपली, पण तिचे श्रमही त्यांच्याच वांट्याला आले, आणि त्यांचा हिशेब कोणीं ठेवला नाहीं. सुनेनें तें ओझें नाकारलें तर तिला दोष देतां येत नाहीं. कला राखावयाची असेल तर काम वांटून घ्यावें लागेल. गहू दळून आणणें, पीठ कुटणें, काठ्या बांधणें, गच्चीवर राखण करणें, हीं कामें मुलांना व आजोबांनाही येतात. एवढेंही जमत नसेल तर बचत गटांतील बायका हातच्या शेवया करून विकतात. त्या योग्य दाम देऊन घ्याव्या, घासाघीस करूं नये.

येत्या अक्षय्य तृतीयेला आमरसांतले सरगुंडे पानावर असूं द्यावे. तो मान त्यांचाच. मात्र दुसऱ्या दिवशीं डब्यांत उरलेल्या शेवया नातवंडांच्या हातीं द्याव्या, आणि त्यांनीं त्या जपानी रीतीनें करून आजीला वाढाव्या. आजीला चव पसंत पडली, तर पुढील वर्षीं वाळवणाला बसतांना ती त्यांना पाटाजवळ बोलावल्याशिवाय राहणार नाहीं.