मोझार्टचं हसू, जोकरचा गळा

न्यूयॉर्कच्या ब्रॉडवेवर डिसेंबर १९८० मध्ये पीटर शॅफर यांचं ‘अमॅडेयस’ आलं, तेव्हा मोझार्टच्या भूमिकेत होता टिम करी. शॅफर यांचा मोझार्ट देव्हाऱ्यात बसवावा असा नाही. चारचौघांत अचकट विचकट बोलणारा आणि भलत्या जागी फिदीफिदी हसणारा. ज्याच्या बोटांतून स्वर्गीय संगीत उतरतं तो माणूस असा हसतो, हेच तर नाटकातल्या त्याच्या प्रतिस्पर्धी संगीतकाराला, सालिएरीला, सोसत नाही. पुढे १९८३ मध्ये त्याच नाटकात मोझार्ट म्हणून उभा राहिला मार्क हॅमिल, म्हणजे ‘स्टार वॉर्स’मधला ल्यूक स्कायवॉकर.

नऊ वर्षांनी हॅमिल पुन्हा एकदा करीच्याच जागी आला. भूमिका पुन्हा हसण्याचीच होती. या वेळी समोर प्रेक्षागृह नव्हतं, मायक्रोफोन होता.

हॅमिलची गोष्ट सहसा उतरत्या भाजणीने सांगतात. पंचविशीत जगभर गाजला, मग सिनेमे मिळेनात, बिचारा कार्टूनला आवाज देऊ लागला. मला ही मांडणीच चुकीची वाटते. मूळचा नाटकाचा आणि आवाजाचा नट मध्येच एका अवाढव्य सिनेमात सापडला आणि पुढची कित्येक वर्षं त्यातून अंग सोडवून घेत राहिला, असं म्हणणं जास्त खरं आहे.

जन्म १९५१ चा, कॅलिफोर्नियातल्या ओकलंडचा. वडील अमेरिकी नौदलात, त्यामुळे बिऱ्हाड सतत पाठीवर. शालेय शिक्षण संपलं ते थेट जपानच्या योकोसुका तळावर. मग लॉस एंजेलिसच्या कॉलेजात नाट्यशिक्षण आणि टीव्ही मालिकांतली किरकोळ कामं. १९७३ मध्ये ‘जीनी’ नावाच्या कार्टून मालिकेत त्याचा आवाज होता. म्हणजे ‘स्टार वॉर्स’च्या चार वर्षं आधीच तो मायक्रोफोनपुढे उभा होता.

१९७७ नंतर मात्र चेहरा लोकांच्या मालकीचा झाला. मिलोश फॉरमन ‘अमॅडेयस’चा सिनेमा करायला निघाले, तेव्हा रंगमंचावर तीच भूमिका करणाऱ्या हॅमिलला त्यांनी मोझार्ट काही दिला नाही. अंतराळातला पोरगा मोझार्ट म्हणून कोणाला पटणार, असं फॉरमन म्हणाल्याचं हॅमिल स्वतः रंगवून सांगतो. भूमिका टॉम हल्सला गेली आणि ऑस्करसाठी नामांकितही झाली.

नाटकात ही अडचण कमी होती. १९८१ मध्ये हॅमिल ब्रॉडवेवर ‘द एलिफंट मॅन’ करत होता. विद्रूप देहाच्या जॉन मेरिकची ही भूमिका रंगभूषेच्या मदतीशिवाय करायची असते. नटाचा चेहरा साफ दिसत असतो. विद्रूपता अंग पिळवटून आणि शब्द अडखळत उच्चारून प्रेक्षकाला दाखवायची. सिनेमाने ज्याला नुसता देखणा चेहरा म्हणून ओळखलं, त्याने ही भूमिका निवडावी हे मला फार बोलकं वाटतं. त्याच वर्षी अमेरिकेच्या सार्वजनिक रेडिओवर ‘स्टार वॉर्स’ची तेरा भागांची श्रुतिका झाली. सिनेमातला ल्यूक श्रुतिकेतही बोलला. हान सोलो आणि राजकन्या लेया यांना मात्र दुसऱ्या नटांचे आवाज लाभले. ही ध्वनिमुद्रणं लक्षात ठेवा, पुढे लागणार आहेत.

आता जोकर, बॅटमॅनचा हसरा वैरी. १९९२ च्या ‘बॅटमॅन: दि अॅनिमेटेड सीरिज’साठी आधी टिम करीचा आवाज मुद्रितही झाला होता. निर्मात्यांना तो हवा तसा वाटेना. हॅमिल लहानपणापासून कॉमिक्सवेडा, मालिकेत कुठेतरी घ्या म्हणून मागे लागलेला. ‘हार्ट ऑफ आइस’ या भागात त्याला एका निर्दयी उद्योगपतीचं काम मिळालं होतं. मग जोकरसाठी बोलावणं आलं. धीरोदात्त ल्यूकला हा राक्षस कोण देणार, अशी त्याची खात्रीच होती. भूमिका मिळाली आणि घाम फुटला. काही भागांची चित्रं करीच्या बोलण्यावर आधीच बेतलेली होती, त्यामुळे दुसऱ्याने हलवलेल्या ओठांत स्वतःचे शब्द बसवायचे होते.

त्याने केलं काय, तर जोकरचं एक ठरावीक हसू ठेवलंच नाही. हसण्याला मनःस्थितीप्रमाणे रंग हवा, असं तो सांगत आलाय. म्हणून कधी घशातल्या घशात खुदखुद, कधी चिरका सूर, कधी हसता हसता मध्येच तुटून खाली उतरणारी धमकी. मोझार्टच्या हसण्याचा रियाज इथे कामी आला असावा, असा माझा आपला अंदाज. आवाज-दिग्दर्शिका अँड्रिया रोमानो सगळ्या नटांना शक्यतो एकाच खोलीत घेऊन श्रुतिकेसारखं मुद्रण करत. बाकीचे बसून बोलत. हॅमिल उभा राहून, हातवारे करत. शेजारी बॅटमॅनचा आवाज केव्हिन कॉनरॉय, तोही जुलियार्डमध्ये शिकलेला नाटकवालाच. दोघांच्या संवादांत जो ताण ऐकू येतो, तो एकमेकांच्या डोळ्यांत बघून आलेला आहे.

व्हिडिओ गेममध्ये ही चैन नसते. हॅमिल या क्षेत्रात उतरला तेव्हा गेम नुकते बोलायला लागले होते. १९९३ च्या ‘गेब्रिएल नाइट’मध्ये तो पोलिस डिटेक्टिव्ह झाला आणि नायकाचा आवाज कोणाचा, तर टिम करीचा! १९९४ चा ‘विंग कमांडर ३’ चार सीडींवर आला. त्यात हॅमिल सदेह होता. बहुतेक काम रिकाम्या रंगीत पडद्यापुढे उभं राहून, आणि खेळणारा कोणतं उत्तर निवडेल ते ठाऊक नसल्याने एकच प्रसंग वेगवेगळ्या वळणांनी. पुढच्याच वर्षी ‘स्टार वॉर्स’कार जॉर्ज लुकासच्या गेम कंपनीने ‘फुल थ्रॉटल’मध्ये आपल्याच जुन्या नायकाला खलनायकाचा आवाज दिला.

बहुतेक गेममध्ये नट काचेच्या खोलीत एकटा असतो. हातात संहितेऐवजी तक्ता. खेळणाऱ्याने दार उघडलं तर ही ओळ, नाही उघडलं तर ती. आधीचं-नंतरचं काही सांगता येत नाही. भावनेचा धागा नटानेच मनात धरायचा. आणि शब्दांपलीकडचं काम वेगळंच: कड्यावरून पडताना, भाजताना, गळा आवळला जाताना निघणाऱ्या किंकाळ्या. तासन्‌तास ओरडून आवाज बसतो, कायमचा बिघडूही शकतो. २०१६ मध्ये अमेरिकेतल्या गेम-नटांनी संप केला, तेव्हा अशा सत्रांचा वेळ कमी करा, ही एक मागणी होती.

‘अर्कम असायलम’ हा बॅटमॅनचा २००९ चा गेम. त्यात जोकर मनोरुग्णालय ताब्यात घेतो आणि भोंग्यांवरून बोलत राहतो. तुम्ही कुठल्याही बोळात असा, आवाज डोक्यावर. हरलात की पडद्यावर येऊन खिजवतोही. २०११ च्या ‘अर्कम सिटी’त तोच जोकर आजारी, खंगत चाललेला, खोकल्याने विनोदाचा शेवटचा शब्द गिळला जातो. नाटकातला मृत्युप्रवेश हप्त्याहप्त्याने करावा, तसं ते काम आहे. त्यासाठी हॅमिलला २०१२ मध्ये ब्रिटिश अकादमीचा, म्हणजे बाफ्टाचा गेममधल्या अभिनयाचा पुरस्कार मिळाला.

जोकरसाठी फोन आला की बॅटमॅन केव्हिन आहे का, एवढंच तो विचारायचा. हो म्हटलं की पुढची चर्चा नको. नोव्हेंबर २०२२ मध्ये कॉनरॉय गेला. त्यानंतर, आपण आता जोकर करणार नाही, असं हॅमिलने सांगून टाकलं.

मधल्या काळात त्याच्या आवाजाला आणखी एक वळण लागलं. डिसेंबर २०२० मध्ये ‘द मँडलोरियन’ मालिकेत तरुण ल्यूक अवतरला, तेव्हा हॅमिल एकोणसत्तर वर्षांचा होता. तो तरुण आवाज संगणकाने घडवलेला होता, हे ध्वनी-संपादक मॅथ्यू वूड यांनी नंतर उघड केलं. यंत्राला शिकवायला जुनी ध्वनिमुद्रणं दिली होती, त्यांत त्या रेडिओ श्रुतिकाही होत्या. हॅमिलच्या बाबतीत हे त्याच्या माहितीने झालं. सगळ्यांच्या बाबतीत तसं होईल याची हमी मागत गेम-नट जुलै २०२४ मध्ये पुन्हा संपावर गेले. हा संप जवळपास वर्षभर चालला.

ल्यूकचा तरुण आवाज घडवणारं ते तंत्र रिस्पीचर कंपनीचं, आणि ती युक्रेनची, कीव्हची. २०२३ मध्ये युक्रेनमध्ये हवाई हल्ल्याची सूचना देणाऱ्या ‘एअर अलर्ट’ अॅपवर इंग्रजी आवाज आला तो हॅमिलचा, खराखुरा, सत्तरी ओलांडलेला. क्षेपणास्त्र येतंय म्हटल्यावर तो लोकांना निवाऱ्यात जायला सांगतो. धोका टळल्यावर पुन्हा बोलतो, इशारा संपला म्हणतो, आणि जाता जाता ‘फोर्स तुमच्यासोबत असो’ ही ल्यूकच्या जगातली शुभेच्छा देतो.