दाखल करताना न सांगितलेली गोष्ट

खुब्याचे हाड मोडलेल्या आजोबांवरील शस्त्रक्रिया उत्तम होते. तिसऱ्या दिवशी मात्र हात थरथरू लागतात, भिंतीवर किडे दिसू लागतात, ते अंथरुणातून उठून घरी निघतात. घरचे म्हणतात, वयाने भ्रम झाला. रोज संध्याकाळच्या दारूचा उल्लेख कोणीच केलेला नसतो. सोयरिकीत लपवावी तशी ती येथेही लपवली जाते!

मद्य मेंदूला शांतवणाऱ्या ‘गाबा’ या रसायनाचा प्रभाव वाढवते आणि उत्तेजक ग्लूटामेटला दाबते. वर्षानुवर्षे हे चालले, की तोल राखण्यासाठी मेंदू आपली उत्तेजना वाढवून ठेवतो. दारू एकाएकी थांबते तेव्हा दाब जातो, उत्तेजना उरते. पहिल्या दिवसात कंप आणि घाम, ४८ तासांच्या आत कधी झटके, आणि साधारण ४८ ते ९६ तासांत तीव्र वातभ्रम. उपचारांवाचून तो जिवावर बेततो. म्हणूनच रोज पिणाऱ्या वृद्धाला शपथ घालून घरच्या घरी एका दिवसात दारू सोडायला लावू नये.

रुग्णालयात लोराझेपामसारखे औषध देऊन मात्रा क्रमाने उतरवतात. शिरेतून थायामिन, म्हणजे ब-१ जीवनसत्त्व देतात. त्याची तीव्र उणीव तशीच राहिली, तर स्मृती कायमची जाऊ शकते.

किती, किती वर्षे आणि शेवटची केव्हा घेतली, हे दाखल करतानाच सांगावे. आजोबांसमोर संकोच वाटल्यास डॉक्टरांना बाजूला घेऊन सांगावे. झोपेच्या गोळ्या चालू असतील तर त्याही सांगाव्यात. त्या अचानक थांबल्यानेही झटके येऊ शकतात.