तगरचे कापड आणि सागराची वाट

आपल्या जिल्ह्याला समुद्रकिनारा नाही. येथील अनेक मुलांनी समुद्र केवळ चित्रातच पाहिलेला असतो. तरीही सुमारे दोन हजार वर्षांपूर्वी सागरमार्गाने दूरदेशी जाणाऱ्या मालात आपल्या तेर गावचे कापड असे.

तेरणाकाठचे तेर म्हणजेच प्राचीन तगर. ही ओळख जे. एफ. फ्लीट यांनी १९०१ साली पटवून दिली. इसवी सनाच्या पहिल्या शतकातील ‘पेरिप्लस’ या ग्रीक प्रवासग्रंथात तगरचा उल्लेख फार मोठे नगर असा येतो. भडोच बंदरापासून दक्षिणेस वीस दिवसांच्या वाटेवर पैठण आणि तेथून पूर्वेस दहा दिवसांच्या वाटेवर तगर, असे अंतरही त्यात दिले आहे. साधे कापड आणि मलमल गाड्यांत भरून, धड रस्ते नसलेल्या मुलखातून भडोचला जात असे.

पुढचा प्रवास वाऱ्याच्या स्वाधीन होता. इजिप्तमधील बंदरांतून जहाजे जुलैच्या सुमारास निघत आणि नैर्ऋत्य मोसमी वाऱ्यावर भारताकडे येत. हिवाळ्यात वारा उलटला की माल भरून परतत. आपला शेतकरी मृगापासून ज्या वाऱ्याची वाट पाहतो, त्याच वाऱ्यावर हा व्यापार चालत होता.

या संबंधांचे पुरावे आजही पाहता येतात. तेरला मिळालेल्या हस्तिदंती स्त्रीमूर्तीचे इटलीतील पॉम्पेई येथे १९३८ साली सापडलेल्या मूर्तीशी विलक्षण साम्य आहे. पॉम्पेई इ. स. ७९ मध्ये ज्वालामुखीच्या राखेखाली गाडले गेले. म्हणजे ती मूर्ती त्यापूर्वीच तेथे पोहोचली होती. तेरच्या उत्खननात विटांच्या बौद्ध स्तूपाचे अवशेष मिळाले. इजिप्तच्या बेरेनिके बंदरात भारतीय सुती कापडाचे तुकडे आणि मिरी सापडली, तर २०२२ साली तेथील मंदिराच्या अवशेषांत संगमरवरी बुद्धमूर्ती मिळाली. मालाबरोबर माणसे गेली आणि माणसांबरोबर धम्मही गेला.

तगरविषयी निदान एक ग्रंथ तरी बोलतो. पण ज्यांचा ग्रंथच नाही, त्यांचा इतिहास कसा शोधावा? याचे उत्तर पॅसिफिक महासागरातील पॉलिनेशियन लोकांकडे पाहिले असता मिळते. त्यांच्या पूर्वजांनी तारे, लाटांची दिशा आणि पक्ष्यांचे उड्डाण यांवरून वाट ओळखत जोडनावांतून हा महासागर ओलांडला. त्यांच्यापैकी माओरी लोकांचे पूर्वज सुमारे सातशे वर्षांपूर्वी न्यूझीलंडला पोहोचले. त्यांनी आपल्या वंशावळी मुखोद्गत ठेवल्या; बुद्धवचनेही आरंभी कित्येक शतके मुखपाठानेच जपली गेली होती. मलय भाषेत पाचला ‘लिमा’ आणि माओरीत ‘रिमा’ म्हणतात, यावरून भाषांचे नाते कळते. उपवासाला आपण खातो ते रताळे मूळचे अमेरिकेतले. युरोपीय येण्यापूर्वीच ते पॉलिनेशियात पिकत होते, यावरून प्रवासाचा माग लागतो. १९७६ साली ‘होकुलेआ’ ही पारंपरिक घडणीची नौका कोणत्याही उपकरणाविना हवाईहून ताहितीला पोहोचली आणि हे जुने ज्ञान खरे असल्याचे सिद्ध झाले.

मानववंशशास्त्र हेच शिकविते: ज्यांनी काही लिहून ठेवले नाही, त्यांचाही इतिहास असतो. तगरचे कापड विणणाऱ्यांची आणि महिनाभर गाडी हाकणाऱ्यांची नावे कोणत्याही ग्रंथात नाहीत. त्यांची साक्ष आहे ती पांढरीच्या टेकाडात, खापरांत, मण्यांत आणि विटांत. म्हणूनच टेकाडाची माती उकरून नेली जाते, तेव्हा या माणसांच्या इतिहासाचे एक पान कायमचे फाटते. वस्तू कोणत्या थरात व कशाजवळ होती, हे एकदा हरवले की पुन्हा कळत नाही.

तेरच्या रामलिंगप्पा लामतुरे यांनी जमविलेल्या वस्तू आज तेथील शासकीय संग्रहालयात आहेत. प्रत्येक विद्यार्थ्याने ते एकदा पाहावे. शेतात मणी वा नाणे सापडल्यास त्याची जागा लिहून ठेवावी आणि ते शिक्षकांना दाखवावे. आपल्या कष्टकरी पूर्वजांच्या स्मृती जपण्याचे हे काम लहान हातांनाही जमण्याजोगे आहे.